हुकूम कोणाचा

उन्नतीला शाल-श्रीफळ देऊन झालं, फोटो निघाला, आणि मुरबे गावच्या समाजमंदिरातली मच्छीमारांची सभा पुढच्या विषयाकडे वळली. ती आईजवळ, पुरुषांच्या खुर्च्यांमागे बायकांच्या सतरंजीवर जाऊन बसली. यंत्राने घेतलेल्या निर्णयाला जबाबदार कोण, या विषयावर तिला तत्त्वज्ञानाची डॉक्टरेट मिळाली होती.

"सुया टोचनारी डॉक्टर नाय," तिची आई गोजराबाई शेजारणीला समजावत होती. "इचार करनारी."

मुंबईहून आलेला कंपनीचा माणूस करार वाचू लागला. कंपनीचं ॲप हवामान बघून रोज सांगणार, बोटी न्यायच्या की नाही. शिवाय बोटींचा विमा स्वस्तात. अट एकच. ॲपचा निर्णय प्रत्येक बोटीवर बंधनकारक राहील.

माना डोलल्या. अध्यक्ष नवशाकाकांनी सहीसाठी पेन उघडलं.

उन्नती उभी राहिली. "ॲप चुकलं तर?"

"सहसा चुकत नाही, मॅडम."

"चुकलं तर, म्हणते मी. ॲपने 'जा' म्हटलं, बोट गेली, माणूस परत आला नाही. त्याच्या घरी उत्तर द्यायला कोण येईल?"

"असं एकाचं नाव नाही सांगता येत. माहिती, सॉफ्टवेअर, यंत्र... सगळ्यांचं मिळून असतं ते."

"मग हुकूम तरी त्याचा का मानायचा? ज्याला जाब विचारता येत नाही, त्याने सल्ला द्यावा. हुकूम देऊ नये."

प्रबंधात हेच मांडायला तिला शेकडो पानं लागली होती. परीक्षकांसमोर तिचा आवाज कापला नव्हता. इथे कापला. समोर बसलेल्यांत तिचे दोन मामा होते, आणि उद्या त्यांची बोट निघणार होती.

नवशाकाकांनी पेनाला टोपण लावलं.

"पोरगी बोलते ते खरं हाय. ॲप सांगू दे. ठरवंल बोट चालवनारा तांडेल. तसं लिवा, मंग सही."

कंपनीच्या माणसाने बाहेर जाऊन फोन लावला. बऱ्याच वेळाने तो आत आला, अट खोडली, नवं वाक्य लिहिलं आणि कागद नवशाकाकांपुढे धरला. काकांनी तो घेतला नाही.

"डॉक्टरांना द्या," ते म्हणाले. "आदी त्या वाचून दाखवतील."

उन्नतीने कागद हातात घेतला. गोजराबाई सतरंजीवरून उठली, पुरुषांच्या रांगांमधून चालत पुढे आली आणि पहिल्या रांगेतल्या रिकाम्या खुर्चीवर बसली.

"मोठ्यानं वाच," ती म्हणाली.