टेकडीवरली देवराई

वैशाखऱ्याच्या संजीवनीने ऑनलाइन विश्वकोशात लिहिलं होतं, ‘टेकडीवर दाट देवराई आहे.’ दुसऱ्या दिवशी ती ओळ कुणीतरी खोडली.

“आजा, खोडणारे म्हणतात, मी आधार दिलेला जंगल वाचवणाऱ्या संस्थेचा अहवाल एकतर्फी हाय. दुसरा पुरावा द्या.”

“देवराईतलं सुकलं पानसुद्धा आपण घरी आणत नाय. पुरावा कुठला देणार गो?” कमळूआजा म्हणाला.

खोडलेल्या जागी आता नवी ओळ होती, ‘टेकडी उजाड आहे.’ खाली आधार होता खडीच्या खाणीसाठी आलेल्या कंपनीच्या अहवालाचा.

कमळू खो खो हसला. “आंधळा हाय का गो लिहिणारा?”

तेवढ्यात टेकडीवरून करवतीच्या यंत्राची घरघर ऐकू आली. लिहिणाऱ्याला सगळं दिसत होतं. त्याने फक्त जे होणार होतं ते चार दिवस आधी लिहिलं होतं.