हरण्याचा डावा गुडघा

"माज्या नजरंपासनं खोड लपवनारा बैल अजून गाईच्या पोटी जल्माला यायचाय!" तिसगावच्या बैलबाजारात उभं राहून कारभारीनानांनी गर्जना केली. "माज्या बैलाच्या चालीत कुनी खोड दाखवली, तर या बाजारात पुन्ना पाय ठेवनार न्हाई!"

एवढं बोलून त्यांनी हरण्याच्या पाठीवर थाप मारली. हरण्यानं शेपटी झाडली आणि नानांचा पटका शेणात पाडला.

नानांनी पटका झटकून पुन्हा डोक्यावर ठेवला. कुणी हसलं नाही. तीस वर्षं नाना बैल विकत होते. दात बघून बैलाचं वय सांगत आणि दहा पावलं चालवली, की कुंडली. त्यांनी दिलेला बैल एकदाही परत आला नव्हता. नानांनी बैलांऐवजी नवरदेव पारखले असते, तर तालुक्यातल्या निम्म्या लेकी सुखात असत्या, असं लोक म्हणत.

गिऱ्हाईक होते सोनईचे सूर्यभान. बाहत्तरचा दुष्काळ अजून वर्षभर लांब होता. माणसं आणि बैल, दोन्ही अंगानं भरलेली होती. सूर्यभानांबरोबर त्यांचा भाचा राधाकृष्ण आला होता. "भाचा पुन्याला डॉक्टर हाय," सूर्यभान म्हणाले. बैलबाजारात डॉक्टर म्हटल्यावर कसला, हे कुणी विचारत नाही.

नानांनी कासरा धरला आणि हरण्याला झोकात फिरवून आणलं.

"एक मिनिट," मागून राधाकृष्ण म्हणाला. "पुन्हा चाला."

नाना पुन्हा चालले.

"अजून एकदा."

चौथ्या फेरीला गर्दी जमली. भजीवाला झारा हातात घेऊनच आला. राधाकृष्ण मान तिरकी करून धुळीत उकिडवा बसला होता.

"मामा, डावा गुडघा बघा. पायावर भार आला, की त्याच क्षणी बाहेरच्या अंगाला झटका खातो. पाऊल उचललं, की परत जागेवर."

"फुडचा का मागचा?" नानांनी दरडावून विचारलं.

"डावा," राधाकृष्ण गोंधळून म्हणाला. "हा झटका वाईट. एकेका पावलाला गुडघ्याच्या आतली गादी घासली जाते. मग संधिवात बसलेलाच. सकाळी आखडतो का?"

"कशाचा आखडतो! पहाटं चारला उठून हुबा. उठला की आदी खायला मागनार!"

"वजनही जरा उतरवायला हवं."

"खात्यापित्या घरचा हाय!" नाना गरजले.

पण त्यांना राहवेना. जोडीदार दलाल छगन शेजारीच होता. त्याच्या हाती कासरा देऊन नाना स्वतः मागं उभे राहिले. छगननं हरण्याला चालवलं. नानांनी डोळे बारीक केले, मोठे केले, एक मिटून पाहिला. खोड काही दिसेना.

"आता मलाही नाही दिसत," राधाकृष्ण म्हणाला. "मघाशी स्पष्ट होतं. नाना, तुम्हीच चाला बरं."

नाना कासरा घेऊन चालले.

"हा बघा! दिसला!" राधाकृष्ण ओरडला.

"दिसला, दिसला," गर्दीतल्या पाचसहा जणांनी माना डोलावल्या. न दिसलेलं दिसलं म्हणायला बाजारात जकात लागत नाही.

नानांचा चेहरा उतरला. पुण्याच्या पोराला दिसलं. भजीवाल्यालासुद्धा दिसलं. फक्त त्यांना दिसलं नाही. नानांकडे शेत बेताचं, शिक्षण त्याहून बेताचं. होती ती एक नजर. तीच गेली. त्यांनी हरण्याचा कासरा खुंट्याला बांधला आणि त्याच्या वशिंडावरून हात फिरवला.

"सूर्यभान, ह्यो बैल घिऊ नका. माजी नजर ग्येली. शब्द म्हंजी शब्द. राम राम, मंडळी."

नाना वळले आणि बाजाराच्या फाटकाकडे चालू लागले. छगननं उपरणं डोळ्यांना लावलं.

"बघा, बघा! सगळ्यांनी बघा!" राधाकृष्ण नाचायचाच बाकी होता. "आता तर काय सुरेख दिसतोय! हा डावा गुडघा! हा! परत हा!"

छगननं उपरणं बाजूला केलं. खुंट्याकडे पाहिलं. हरण्या डोळे मिटून रवंथ करत होता.

"डॉक्टर," छगन म्हणाला, "बैल तर हितं हाय."

"बैल?" राधाकृष्ण म्हणाला. "बैलाचं मला काय कळतंय? मी माणसांच्या हाडांचा डॉक्टर."

बाजाराला समजायला जरा वेळ लागला. मग जे हसू फुटलं, त्यानं चार बैल दावं तोडून पळाले. भजीवाला झाऱ्यासकट खाली बसला. सूर्यभानांनी आधी हरण्याचा कासरा सोडून मनगटाला गुंडाळला आणि मग पोट धरलं.

नाना फाटकात थांबले होते. त्यांनी आपल्या डाव्या गुडघ्याकडे पाहिलं. दोन पावलं टाकली. पुन्हा पाहिलं.

"म्हंजी, माजी नजर शाबूत हाय?"

"नजर उत्तम," राधाकृष्ण म्हणाला. "गुडघ्याला मात्र जपा. काठी धरा, वजन उतरवा. आणि पुण्याला या, सगळं नीट तपासतो."

"चला, नाना, माघारी!" छगन ओरडला. "खोड बैलाची न्हाई, मालकाची निघाली. मालकाची काय पैज न्हवती!"

नाना सगळ्यांपेक्षा मोठ्यानं हसले. हसत हसत, गुडघा बाहेर फेकत, राधाकृष्णापाशी आले आणि त्याच्या कानाशी वाकले.

"डॉक्टर, पाय किती बी बगा. चारचौघांत दात तेवढे बगू नका."