पलीकडच्या काठावरची जीप

शहरातून निघतानाच गाइडने बजावलं होतं, "मी ओठांवर बोट ठेवलं, की जनावर अगदी जवळ आलंय समजा. हलायचं नाही, मागे वळायचं नाही."

जीप तळ्याकाठी थांबली. हौसेने जंगल बघायला आलेला नर्सबाईंचा नवरा मागच्या सीटवर घरच्यासारखा घोरत होता. नर्सबाईंनी दुर्बीण डोळ्यांना लावली.

पलीकडच्या काठावर हुबेहूब अशीच जीप उभी होती. तिच्यात त्यांचाच पिवळा स्कार्फ बांधलेली बाई दुर्बिणीतून इकडेच बघत होती. तिच्या मागची सीट रिकामी होती.

त्या बाईने दुर्बीण खाली घेतली. चेहरा नर्सबाईंचाच होता, भीतीने पांढराफटक पडलेला. तिने हळूच ओठांवर बोट ठेवलं.

मागचं घोरणं थांबलं.

"काय गं, काय दिसलं?" नवऱ्याचा आवाज अगदी कानाशी आला.