तांबटाचं गाऱ्हाणं

शिवा हे आपल्या पक्ष्यांच्या वहीत लिहिणारच नव्हता. कोण खरं मानणार? शिमग्याआधीच्या रविवारी तो वाडीतल्या सात पोरांना घेऊन आंब्याखाली गेला. दिवसभर टुक टुक करणारा तांबट पक्षी राहतो कुठे, ते दाखवायला. वाळक्या फांदीच्या भोकातून लाल कपाळाचं डोकं बाहेर आलं आणि पोरं उड्याच मारायला लागली. "दिसला! दिसला!"

तेवढ्यात शिवाचा दोस्त रावजी कोयता घेऊन आला. "सरका रे, खूण करायचीय. यंदा होळीला हाच आंबा तोडायचा."

"रावजीकाका, आत पिल्लं असतील!"

"गावानं ठरवलंय. मी कोण बदलणार?"

छोटी गोदा पुढे झाली. देवळात गुरव जोडतो तसे हात जोडून तिनं खणखणीत गाऱ्हाणं घातलं, "बा देवा म्हाराजा, ह्या तांबटाचं घर राख रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" पोरं गरजली. सगळ्यांत मोठा आवाज रावजीचा. देवळात प्रत्येक गाऱ्हाण्याला व्हय म्हणायची जन्माची सवय!

त्यानं जीभ चावली. "मेल्यांनो! आता देवाला व्हय बोललो. गावाला काय सांगू?"

"घाबरू नको," शिवा म्हणाला. "गावापुढे मी येतो तुझ्याबरोबर. गाऱ्हाणं घालायला गोदाला घेऊन."