दळणातलं पुस्तक

मास्तर पेन्सिलीला टोक काढून सकाळपासून समोर बसले होते आणि कालच तुरुंगातून सुटलेल्या तात्यांना एकही ओळ आठवत नव्हती.

“आत कागद देत नव्हते. सक्तमजुरीचं दळण दळता दळता कविता रचल्या, रोज म्हणून पाठ ठेवल्या.” तात्यांनी कपाळावर हात मारला. “गोऱ्यांना हिसकावता आलं नाही, ते घरी येऊन हरवलं, मास्तर!”

तात्यांच्या बायकोनं ते ऐकलं. ज्वारीची पाटी तिनं जात्यापाशी आदळली. “अहो, धरा खुंटा.”

“अगं, मास्तर बसलेत...”

“धरा म्हणते ना!”

तात्या लाजत लाजत दळू लागले. जातं घरघरलं, ओठ हलले आणि पहिली कविता खणखणीत बाहेर पडली. मास्तरांची पेन्सिल पळायला लागली. घरची ज्वारी संपली, कविता संपेनात. मग शेजारणी हौसेनं आपापलं दळण आणून देऊ लागल्या.

दिवाळीला पुस्तक छापून आलं. पहिली प्रत बायकोच्या हातात ठेवायला तात्या ओसरीवर आले, तर अंगणात शेजारणी पाट्या घेऊन उभ्या.

“तात्या, दुसरं पुस्तक कधी?” त्यातली एक म्हणाली. “बाजरी निवडून ठेवलीय.”