कोस्मेची वात

“आई, माझा बाप कोण?”

पैज शाळेतल्या पेपाची होती. सकाळी सगळ्या मुलींसमोर ती म्हणाली होती, “विचार ना गं एकदा घरी. आम्ही तरी किती अंदाज बांधायचे? खेचरवाला म्हणावं तर तो बुटका, पाद्री म्हणावं तर तो म्हातारा.” मुली खिदळल्या. एरवी कासिल्दा खाली बघत निघून गेली असती. पण नुकतंच तिला चौदावं संपलं होतं, आणि आपल्यालाही जीभ आहे हा शोध तिला याच महिन्यात लागला होता. “उद्या नाव घेऊन येते,” ती म्हणाली. “खेचराचं निघालं तरी सांगेन.”

आता हसू तिलाही येत नव्हतं. आई, विर्तुदेस, टेबलाशी पाठमोरी उभी होती. नेहमीच्याच काळ्या कपड्यांत. मृतांचा दिवस होता. चर्चची घंटा सकाळपासून संथ ठोके देत होती. गावातल्या प्रत्येक घरासारखं त्यांच्याही टेबलावर पाण्याचं वाडगं मांडलेलं होतं. पाण्यावर तेल, तेलावर तरंगत्या वाती. घरातल्या प्रत्येक मेलेल्या माणसाची एक. आजोबा. आजी. तापाने गेलेली मावशी.

“तुला बाप नाही,” आई म्हणाली. मग वळली आणि दचकली. “हे काय? केस खाली घे आधी. कान झाक.”

घरात शिरल्या शिरल्या कासिल्दाने पिना उपटून जमिनीवर टाकल्या होत्या आणि केस वर बांधले होते. उद्या ती अशीच शाळेत जाणार होती. इतकी वर्षं आई रोज सकाळी तिला स्वयंपाकघरातल्या कपाटासमोर बसवायची आणि वेण्या कानांवरून गुंडाळून पिना खोचायची, डोकं ठणकेपर्यंत. सुपासारखे कान आहेत, लोक हसतील, म्हणायची. जणू लोक हसायचे थांबले होते.

आईचा नवरा कोस्मे यादवी युद्धात हरलेल्यांच्या बाजूने लढला. एकोणचाळीसच्या वसंतात युद्ध संपलं, तसा तो ग्रानादाच्या डोंगरांत पळाला आणि तिथेच मेला, असं सगळे सांगत. शिपायांनी दोनदा घर उलथंपालथं केलं आणि नाद सोडला. कासिल्दा जन्मली त्यानंतर दोन वर्षांनी. पुढचं गावाला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. विहिरीवर बायका विर्तुदेसला पुढे येऊ देत नसत. ती मान खाली घालून सगळ्यांच्या शेवटी पाणी भरायची. उलटून कधी एक शब्द बोलली नाही.

आणि घरात कोस्मेचं भूत होतं. हे मात्र कासिल्दाने पेपालाही सांगितलं नव्हतं. कपाटामागच्या भिंतीत कधी नखं घासल्यासारखा आवाज व्हायचा. कधी खोकला यायचा, ओला, दाबून धरलेला. तो आला की आई धावत जाऊन पितळी खल घ्यायची आणि दणादण कुटायला लागायची. खलात लसूण असो वा नसो. कासिल्दा पांघरुणात शिरून कान दाबून घ्यायची. तो माझ्यावरच चिडलाय, तिला वाटायचं. त्याच्या घरात मी परक्याची पोर.

ती वाडग्याकडे बघत राहिली. तीन वाती. दरवर्षी तीनच.

“आई, कोस्मेची कुठंय?”

आई टेबल पुसू लागली.

“मेलेल्या नवऱ्याला एक वात लावत नाहीस. मग तो खोकत फिरणार नाही तर काय करणार? थांब, मीच लावते.” तिने नवी वात तेलावर सोडली, काडी ओढली. “ही कोस्मेची.”

आईने झडप घातली. जळती वात तिने नुसत्या मुठीत चिरडली. वाडगं कलंडलं, तेल टेबलावरून खाली ठिबकू लागलं.

“त्याची लावायची नाही,” ती म्हणाली. “त्याची कधीच लावायची नाही.”

बाहेर घंटा थांबली. त्या शांततेत भिंत खोकली.

आई खलाकडे धावली. पण बत्ता आधीच कासिल्दाच्या हातात होता. तिने तो सोडला नाही. जन्मात पहिल्यांदा तो खोकला तिने शेवटपर्यंत ऐकला. खोकल्यामागून धाप आली. भुताला धाप कशी लागेल?

“राहू दे, विर्तुदेस,” भिंत म्हणाली. “पोरगी माझीच आहे. ऐकायची नाही.”

कपाट आतून सरकलं. एक माणूस वाकून बाहेर आला आणि वाकलेलाच राहिला. त्याचा रंग मेणासारखा होता, डोळे उजेडाने मिटलेले. डोक्याच्या दोन्ही बाजूंना सुपासारखे कान.

“वेणी घालताना फटीतून दिसायचीस,” तो म्हणाला. “एकच कान. तोही झाकेपर्यंत.”

कासिल्दाने आईकडे पाहिलं. आई भाजलेली मूठ पोटाशी धरून उभी होती. ‘कोस्मे’ एवढा एक शब्द तिने उच्चारला असता तर विहिरीवर तिला पहिली जागा मिळाली असती. आणि त्याच शब्दामागून शिपाई आले असते.

कासिल्दाने जमिनीवरच्या पिना एकेक करून वेचल्या. केस सोडले. कपाटासमोरच्या स्टुलावर बसली आणि पिना मागे आईच्या हातात दिल्या.

“घट्ट घाल,” ती म्हणाली. मग दोघांनाही ऐकू जाईल असं सांगून टाकलं, “उद्या मी पेपाला सांगणार आहे. आईला विचारलं, पण कोण होता ते तिलाच आठवत नाही म्हणाली.”