मेणाखालची अक्षरं

"मेस्त्री, मेण जाड लावा हं. जरा ऊन लागलं की रंग भरून येतो मेला," कर्णिकबाईंनी याही शनिवारी बजावलं.

आपले ओरखडे आपणच बुजवणारा रंग गाड्यांना आल्यापासून अंतोनमेस्त्रींकडे पॉलिशला दुसरं कुणी फिरकत नव्हतं. बाईंच्या गाडीच्या दारावर मात्र लेकीनं पहिलीत असताना खिळ्यानं कोरलेलं 'आई' होतं, आणि दुसरीत जायला ती राहिली नव्हती.

मेस्त्रींनी दुखऱ्या मनगटानं जुनं मेण पुसलं. अक्षरं पुन्हा अर्धी बुजली होती. बाई फोन घ्यायला बाहेर गेल्या, तशी मेस्त्रींनी नेहमीसारखा खिशातला खिळा काढून ती गिरवली आणि वर मेण चढवलं.

बाईंनी परत येऊन मेणावरून हलकेच बोट फिरवलं. "अगदी तिचंच वळण!"

नऊ वर्षं गिरवून ते वळण केव्हाच मेस्त्रींचं झालं होतं.

"तिचंच, बाई," म्हणत त्यांनी डबीला झाकण लावलं.